तारामतीची दुसरी शिफ्ट

‘वागळे की दुनिया’ आठवते ना मैत्रिणींनो? १९८८ साली दूरदर्शनवर सुरू झालेली. आर. के. लक्ष्मण यांच्या कल्पनेतला मध्यमवर्गीय माणूस, कुंदन शहा यांचं दिग्दर्शन, अंजन श्रीवास्तव यांचा तो भाबडा वागळे आणि भारती आचरेकरांची राधिका. ती मालिका लागली की आपल्याच घरात कुणी कॅमेरा लावून ठेवलाय की काय असं वाटायचं! पण ती कुणी काढली होती, हे कितीजणींना ठाऊक आहे? शेवटी पाट्या सरकायला लागल्या की आपण उठून कुकर लावायला जातो. त्या पाट्यांमध्ये नाव असायचं दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सचं. दुर्गाबाई तेव्हा ८३ वर्षांच्या होत्या.

दुर्गा खोटे म्हटलं की आपल्याला आठवते ‘मुगल-ए-आझम’मधली जोधाबाई, ‘बॉबी’मधली डिंपलची आजी. ज्या थोड्या जुन्या आहेत त्यांना ‘अयोध्येचा राजा’मधली तारामती. म्हणजे राणी, आई, नाहीतर आजी. पण याच बाईने स्वतःच्या नावावर कंपनी चालवली, जाहिरातपट काढले, माहितीपट काढले, मालिका काढली. ही त्यांची दुसरी शिफ्ट. तिच्याबद्दल फारसं कुणी बोलत नाही.

मी हे शोधायला लागले त्याचं कारण माझा शेजार. मी राहते जोगेश्वरी पूर्वेला. बाहेरगावच्या लोकांना जोगेश्वरी म्हटलं की लेणी आठवतात, नाहीतर विक्रोळीकडे जाणारा लिंक रोड आणि त्यावरचा तो ट्रॅफिक. पण आमचा हा सगळा पट्टा सिनेमाच्या कामावरही जगतो. कमाल अमरोहींनी कमालिस्तान स्टुडिओ उभारला तो इथेच, महाकाली लेण्यांच्या अंगाला. पश्चिमेला जरा खाली आंबोलीत फिल्मालय, वर गोरेगावात फिल्मिस्तान आणि १९७७ पासून फिल्मसिटी. त्यामुळे मेघवाडीत काय, नटवरनगरात काय, कुणाच्या ना कुणाच्या घरात सिनेमाचा डबा शिजतोच. कुणी लाइटवर आहे, कुणी कपडेपटात, कुणी गर्दीतल्या सीनमध्ये उभी राहते. सकाळी सातचा कॉल असला की पाच वाजता खाली रिक्षाचा आवाज येतो.

आमच्याच मजल्यावर एक ताई राहतात. तरुणपणी त्या हिरॉइनच्या मागे नाचणाऱ्या मुलींच्या ग्रुपमध्ये होत्या. पस्तिशी आली, गुडघे बोलायला लागले आणि बोलावणी बंद झाली. मग त्यांनी केसांचं काम शिकून घेतलं आणि हेअर ड्रेसर झाल्या. एकदा पापड लाटता लाटता मला म्हणाल्या, ‘‘वहिनी, तोंड दाखवून किती दिवस खाणार? ते तर एक दिवस जुनं होणारच. हाताला काहीतरी पायजे.’’

हे वाक्य माझ्या डोक्यातून जाईना. आणि त्याच सुमारास मी ‘मी, दुर्गा खोटे’ हे त्यांचं आत्मचरित्र पुन्हा हातात घेतलं.

दुर्गाबाईंचा जन्म १४ जानेवारी १९०५ चा. माहेरचं आडनाव लाड. वडील मुंबईतले नावाजलेले सॉलिसिटर, घरी माणसांचा राबता, गाडीघोडे. मुलगी इंग्रजी शाळेत शिकली, पुढे झेविअर्स कॉलेजात गेली. त्या काळात हे म्हणजे फारच झालं! लग्न झालं तेही तोलामोलाच्या खोटे घराण्यात. विसाव्या वर्षाच्या आसपास दोन मुलं पदरात, बकुळ आणि हरीन. आणि मग पत्त्यांचा बंगला कोसळावा तशी सासरची श्रीमंती गेली. पुढे तरुण वयातच नवराही गेला.

श्रीमंत घरातली सून गरीब झाली की तिची अवस्था फार अवघड होते. गरीब घरातल्या बाईला चार घरची कामं धरायला कुणी अडवत नाही. इथे मात्र हात पसरायचे नाहीत, काम करायचं नाही, आणि चेहऱ्यावर काही दाखवायचंही नाही. आपल्या गावांतूनही अशी घरं असतात, तुम्हालाही माहीत असतील. दुर्गाबाईंनी आधी शिकवण्या केल्या. मग सिनेमा चालून आला, तोसुद्धा बहिणीच्या वाट्याचा! मोहन भवनानी यांना ‘फरेबी जाल’साठी नवा चेहरा हवा होता. विचारणा झाली ती बहीण शालिनीकडे. तिने नकार दिला आणि दुर्गेचं नाव सुचवलं. काम जेमतेम काही मिनिटांचं. १९३१ साली चित्रपट लागला आणि बड्या घरची सून पडद्यावर आली याचाच जास्त गाजावाजा झाला. नातेवाइकांनी तोंडं फिरवली. चित्रपटही सुमार होता, त्यामुळे पैसे मिळाले ते मिळाले, बाकी सगळी शोभाच.

एखादी तिथेच थांबली असती. पण व्ही. शांताराम यांनी त्यांना ‘अयोध्येचा राजा’साठी बोलावलं. प्रभातचा कोल्हापुरातला स्टुडिओ, हरिश्चंद्राच्या भूमिकेत गोविंदराव टेंबे. तेव्हा पार्श्वगायन नव्हतं. पडद्यावर दिसणाऱ्या बाईनेच कॅमेऱ्यासमोर उभं राहून गायचं. ६ फेब्रुवारी १९३२ ला मुंबईच्या मॅजेस्टिकला हा पहिला मराठी बोलपट लागला आणि कालपर्यंत नाकं मुरडणारेच तारामतीला बघायला रांगा लावू लागले. लोकांचं असंच असतं म्हणा.

पुढची चार-पाच वर्षं म्हणजे नुसती घोडदौड. ‘माया मच्छिंद्र’मध्ये त्या स्त्रीराज्याची राणी झाल्या, जवळ चक्क चित्ता. कोलकात्याला न्यू थिएटर्सचा ‘राजरानी मीरा’ (१९३३). मग ईस्ट इंडिया फिल्म कंपनीचा ‘सीता’ (१९३४), देवकी बोस यांचा. तो व्हेनिसच्या महोत्सवात दाखवला गेला. १९३६ ला पुन्हा शांतारामांकडे ‘अमरज्योती’. तो मला सगळ्यात आवडतो. त्यातली सौदामिनी पोटच्या मुलाचा ताबा मागायला जाते. बाईला तसा हक्कच नाही, असं तिला सांगितलं जातं. मग ती समुद्रावरची चाचीण होते! १९३६ साली हा विषय, मैत्रिणींनो!

इथे एक गोष्ट नीट बघण्यासारखी आहे. त्या काळात नट-नट्या कंपनीच्या नोकरीत असायच्या. महिन्याचा पगार, कंपनी सांगेल ते काम, दुसरीकडे जायची सोय नाही. दुर्गाबाई मात्र प्रभातमध्ये नाव झालं तरी प्रभातच्या होऊन राहिल्या नाहीत. कोल्हापूर, कोलकाता, मुंबई, जिथे चांगलं काम तिथे त्या गेल्या. एकेका चित्रपटाचा वेगळा करार करून काम करणाऱ्या अगदी पहिल्या काही कलाकारांमध्ये त्यांचं नाव घेतलं जातं. यात धाडस होतं तसा धोकाही होता. काम नसेल त्या महिन्यात घर कशावर चालणार? पण दोन मुलांच्या आईने पगाराची ऊब सोडली. मला वाटतं, त्यांची दुसरी शिफ्ट तिथेच सुरू झाली. आपल्या कामाचा भाव आपण ठरवायचा, ही सवय तिथे लागली.

१९३७ च्या सुमारास त्या थेट निर्मितीत उतरल्या. नटराज सिनेटोन ही संस्था आणि मराठीत ‘सवंगडी’, हिंदीत ‘साथी’.

निर्माता म्हणजे पैसे घालणारा शेठ, असं आपलं एक चित्र असतं. प्रत्यक्षात ते घरातलं लग्न काढण्यासारखं आहे. कच्ची फिल्म आणा, स्टुडिओच्या तारखा धरा, शंभर माणसांचं जेवण बघा, रुसलेल्या नटाची समजूत काढा, पाऊस पडला तर वाया गेलेल्या दिवसाचा खर्च कुणाच्या माथी टाकायचा ते ठरवा, आणि एवढं करून चित्रपट घ्यायला वितरक शोधा. बँका तेव्हा सिनेमाला दारातही उभं करत नसत. पैसा यायचा तो सावकारी व्याजाचा. अशा बैठकीत १९३७ साली तिशी ओलांडलेली एक मराठी बाई बसलेली डोळ्यांसमोर आणा. चित्रपट कंपनी म्हणून नटराजचं नाव पुढे फारसं ऐकू येत नाही. पण दुर्गाबाईंना त्या बाजूची वाट कळली, ती कळलीच.

त्याच क्षेत्रात त्यांच्यासारख्याच गुणी, पण नशिबाने वेगळ्या अशा हंसा वाडकर होत्या. ‘संत सखू’, ‘रामजोशी’, ‘सांगत्ये ऐका’ ही कामं करणारी ही बाई. ‘सांगत्ये ऐका’ याच नावाचं त्यांचं आत्मकथन वाचताना पोटात तुटतं. लहान वयापासून कमावत होत्या त्या, घर पोसत होत्या. पण त्या कमाईवर आणि आयुष्यावर सत्ता दुसऱ्यांची. श्याम बेनेगल यांनी त्यावरूनच १९७७ साली ‘भूमिका’ काढला, स्मिता पाटीलला घेऊन. हंसाबाई १९७१ ला गेल्या, पन्नाशीही न गाठता. तुलना करू नये म्हणतात, प्रत्येकीचं घर वेगळं, माणसं वेगळी, आणि दुर्गाबाईंच्या मागे माहेरचं बळ होतं, शिक्षण होतं, हेही खरंच. पण दोन्ही पुस्तकं मी लागोपाठ वाचली आणि मनात राहून गेलं की कमावणं आणि कमाई आपल्या हातात असणं या दोन फार वेगळ्या गोष्टी आहेत.

आता वयाचं बघा. १९४१ साली आचार्य अत्र्यांच्या ‘पायाची दासी’मध्ये दुर्गाबाई सुनेला छळणारी सासू झाल्या. तेव्हा त्यांचं वय किती? छत्तीस! दुसऱ्याच वर्षी ‘भरत मिलाप’मध्ये कैकेयी. बक्षिसं मिळाली या कामांना, कौतुक झालं. पण नायिकेची खुर्ची गेली ती गेलीच. ‘सीता’मध्ये राम होते पृथ्वीराज कपूर आणि सीता दुर्गाबाई. तेच दोघं १९६० साली ‘मुगल-ए-आझम’मध्ये पुन्हा नवरा-बायको, अकबर आणि जोधा. अकबराच्या वाट्याला गर्जना, जोधेच्या वाट्याला बाप-लेकाच्या मधे उभं राहून पदर डोळ्याला लावणं. दुर्गाबाईंनी त्या पदरातही जीव ओतला हे त्यांचं मोठेपण. पण सिनेमाच्या धंद्यात बाईचं वय कसं मोजतात ते यात दिसतं.

रंगभूमीने त्यांना जरा वेगळं दिलं. मुंबई मराठी साहित्य संघाच्या नाटकांमधून त्या उभ्या राहिल्या. ‘भाऊबंदकी’तली आनंदीबाई, आणि १९५४ साली शिरवाडकरांच्या ‘राजमुकुट’मध्ये, म्हणजे शेक्सपिअरच्या मॅकबेथच्या मराठी रूपात, नानासाहेब फाटकांच्या समोर. आई-सासूच्या पलीकडची बाई त्यांना तिथे सापडली. संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला तो १९५८ ला.

पण नाटकावर घर चालत नाही, तेव्हाही नव्हतं. मग त्यांनी काढली फॅक्ट फिल्म्स, आणि पुढे दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स. काम काय, तर लघुपट, माहितीपट आणि जाहिरातपट. ही निवड किती व्यवहारी होती ते बघा. मोठा चित्रपट म्हणजे जुगार; एक पडला की दागिने, घर, सगळं जातं. सिनेमात नाव कमावलेली कितीतरी माणसं अशी रस्त्यावर आली. जाहिरातपटाचं तसं नाही. गिऱ्हाईक आधी ठरलेलं, रक्कम आधी ठरलेली, दोन-तीन मिनिटांची फिल्म. आणि टीव्ही घराघरांत यायच्या आधी जाहिरात दाखवायची जागा एकच, सिनेमाचं थिएटर. आठवतं का, मुख्य चित्रपटाआधी जाहिराती लागायच्या, सरकारी माहितीपट लागायचा आणि आपण भेळ घेऊन निवांत आत शिरायचो? आपण ज्याला फुकटचा वेळ समजायचो त्याच्यावर काहीजणांची चूल पेटत होती.

आणि या कामात चेहरा लागत नाही. वय पन्नास असो की सत्तर. लागते ती माणसं जोडण्याची हातोटी, वेळेचा धाक आणि पैशापैशाचा हिशेब. सांगा बरं, आपल्यापैकी कुणाला हे येत नाही? महिना संपायच्या आत पैसे संपू न देणाऱ्या बाईला बजेट वेगळं शिकवावं लागत नाही. फक्त ते काम तिच्या नावावर लागत नाही एवढंच!

याचा अर्थ त्यांनी अभिनय सोडला असं नाही. एका अंगाला कंपनी, दुसऱ्या अंगाला कॅमेरा. ‘बावर्ची’, ‘अभिमान’, ‘बॉबी’, आणि १९७४ चा ‘बिदाई’. त्यासाठी फिल्मफेअरचं सहायक अभिनेत्रीचं पारितोषिक, वयाच्या सत्तरीला! १९६८ ला पद्मश्री मिळाली होती, १९८३ साठी दादासाहेब फाळके पुरस्कारही मिळाला. त्यांच्या चित्रपटांची संख्या दोनशेच्या घरात जाते. मध्येच आयुष्याने मोठा घाव घातला. धाकटा मुलगा हरीन तरुणपणीच गेला. त्याची पत्नी म्हणजे आपल्या विजयाबाई, पुढे विजया मेहता म्हणून रंगभूमीवर मोठ्या दिग्दर्शक झालेल्या. एका घरात दोन बायका, दोघी नटी, आणि दोघींनीही कॅमेऱ्याच्या आणि विंगेच्या पलीकडची बाजू आपली केली. यावर कुणीतरी सवडीने लिहायला हवं खरं तर.

दुर्गाबाई एकट्याच नव्हत्या, हेही सांगते. शोभना समर्थांनी लेकीसाठी ‘हमारी बेटी’ काढला १९५० साली, त्यातून नूतन आली. १९६० ला ‘छबीली’. सुषमा शिरोमणींनी सत्तर-ऐंशीच्या दशकात ‘भिंगरी’, ‘फटाकडी’ असे स्वतःच्या निर्मितीचे चित्रपट गावोगावच्या टूरिंग टॉकीजपर्यंत पोचवले. आणि स्मिता तळवलकर! दूरदर्शनवर तब्बल सतरा वर्षं बातम्या वाचणारी ही बाई, मग नटी, मग १९८९ ला ‘कळत नकळत’ची निर्माती, नंतर ‘चौकट राजा’, आणि १९९३ ला ‘सवत माझी लाडकी’ची दिग्दर्शिकाही. ‘कळत नकळत’ला आणि ‘तू तिथे मी’ला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचे राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. ६ ऑगस्ट २०१४ ला कर्करोगाने त्यांना नेलं. ‘अवंतिका’ आपण सगळ्यांनी किती प्रेमाने बघितली होती, नाही?

त्याच २०१४ सालात आणखी एक गोष्ट घडली, तिच्यावर पेपरात एवढीशी बातमी आली होती. आपल्याला वाटतं, मेकअप म्हणजे बायकांचा प्रांत. पण हिंदी सिनेमात अनेक दशकं बाईला मेकअप आर्टिस्टचं कार्डच मिळत नव्हतं! संघटनेचा नियम तसा. मेकअप करायचा तो पुरुषाने, बाईने करायचे ते फक्त केस. चारू खुराणा नावाची शिकलेली मेकअप आर्टिस्ट याविरुद्ध लढत थेट सर्वोच्च न्यायालयात गेली आणि नोव्हेंबर २०१४ मध्ये न्यायालयाने तो नियम घटनाबाह्य ठरवला. म्हणजे दुर्गाबाई १९३७ ला निर्मात्या होऊ शकल्या, कारण मालकाला कुणी कार्ड विचारत नाही. पण कामगार बाईला हातात ब्रश धरायला त्यानंतर ७७ वर्षं थांबावं लागलं. शिकलेल्या, ओळखी असलेल्या बाईसाठी एक दार आणि आमच्या मजल्यावरच्या ताईंसाठी वेगळंच!

ताईंना मेकअप येत होता, बरं का. उत्तम येत होता. नाचाच्या ग्रुपमध्ये असताना मुलींचे चेहरे त्याच रंगवायच्या. पण सेटवर कुणी तपासायला आलं की ब्रश पर्समध्ये आणि कंगवा हातात. वर्षानुवर्षं असंच चाललं. निकालाची बातमी मीच त्यांना वाचून दाखवली होती. त्या म्हणाल्या, ‘‘आता माझे हात थरथरतात वहिनी. आयलायनर सरळ जायचं नाही.’’ आणि गॅसवरचं दूध बघायला उठल्या.

त्यांच्या धाकटीने मात्र शिकून घेतलं. कार्ड निघायला वेळ लागला, पैसे लागले, त्यासाठी ताईंनी दोन बांगड्या मोडल्या. कार्ड हातात आलं त्या संध्याकाळी मुलगी आमच्याकडे दाखवायला आली होती. ताई मागे दारातच उभ्या होत्या. म्हणाल्या, ‘‘नाव बरोबर लिवलंय का तेवढं बघा.’’ मी चष्मा लावून बघितलं. बरोबर होतं. दुसऱ्या दिवशी तिचा फिल्मसिटीत सहाचा कॉल होता. पहाटे साडेचारलाच रिक्षाचा आवाज आला आणि जिन्यावरून दोघींची पावलं खाली गेली. ताई तिला रिक्षापर्यंत सोडायला निघाल्या होत्या, हातात तिची मेकअपची पेटी घेऊन.